लाडवाएवढ्या डबीतला बोलका दोरा

"पाचशे मीटर दोरा. डबी लाडवाएवढी. आणि सांगणार कोणाला, तर धोट्याला! धोट्या, बसव. धोट्या, गुंता करू नकोस. धोट्या, हळू. मी काय जादूगार आहे? माझ्या पोटात बॅटरी आहे, जादू नाही."

रुंजी मागाच्या खड्ड्यात बसून हे ऐकत होती. पैठणी विणताना बाबा पाय सोडून बसतो तो हा खड्डा. बाबा बाजारात गेला की तो रुंजीचा. धोट्याची चाकं तिच्या नाकापासून वीतभर अंतरावर होती, पण तो स्वतःशीच पुटपुटण्यात एवढा रंगला होता की त्याला पत्ता नव्हता.

धोट्या हा दिवट्यांच्या घरातला यंत्रमानव. मागावर आडवा धागा घेऊन या टोकापासून त्या टोकापर्यंत पळणारं जे लाकडी साधन असतं त्याला धोटा म्हणतात. हा तसाच दिवसभर स्वयंपाकघर ते गच्ची, गच्ची ते स्वयंपाकघर पळायचा, म्हणून धोट्या. येवल्यात आता घरोघरी यंत्रमानव होते, पण कुरकुर करणारा हा एकच. आई म्हणायची, तो बाबाकडून शिकला. बाबा म्हणायचा, तो नानांकडून शिकला. नाना काही म्हणायचे नाहीत, नुसते कुरकुरायचे.

"बसेल की," रुंजी खड्ड्यातून म्हणाली.

धोट्या दचकून मागे सरकला आणि दोऱ्याचं टोक त्याच्या चाकात अडकलं. "रुंजीताई! तुम्ही तिथं काय करताय?"

"काही नाही."

हे खरं नव्हतं. ती तिथं रडायला बसली होती. पण त्या घरात त्या दिवसांत कोणीच खरं बोलत नव्हतं, तर तिनं एकटीनं का बोलावं?

रुंजीची आई, वृंदा, मंगळावर निघाली होती. लहानपणापासून पतंग उडवून उडवून तिला वाऱ्याचं वेड लागलं, मग तिनं वाऱ्याचाच अभ्यास केला, आणि आता मंगळावरच्या वस्तीला वारा मोजणारं माणूस हवं होतं. तिथली हवा अगदी विरळ, पण वारा असतो. जाऊन, राहून, परत यायला तीन वर्षं. संक्रांतीच्या आधीच निघायचं होतं. येवल्याची संक्रांत म्हणजे गच्चीगच्चीवर पतंग. येवल्याच्या माणसानं संक्रांतीच्या आधी येवलं सोडायचं, म्हणजे ताटावरून उठायचं.

आणि घरात काय बोलणं चालायचं? "अहो, ते पायमोजे वाळले का?" "वृंदा, तुझा चष्मा दोन जोड घे." "तिकडं म्हणे पाणी मोजून देतात." मंगळ म्हणायचंच नाही, तिकडं म्हणायचं. जणू आई नाशिकला लग्नाला निघाली आहे.

तर हा दोरा. मंगळावरून फोन लावला तर आपलं बोलणं पोचायलाच कधीकधी वीस मिनिटं लागतात आणि उत्तर यायला आणखी वीस. "काय करतेस?" विचारावं आणि उत्तर येईपर्यंत करायचं ते करून व्हावं. म्हणून नानांच्या एका जुन्या विद्यार्थ्यानं आईसाठी बोलका दोरा पाठवला होता. केसाएवढा बारीक, पण चिवट. एक खास सुई त्यावर टेकवून बोललं की आवाज दोऱ्यात कोरला जायचा, पुन्हा बोललं की जुन्याच्या जागी नवा. नंतर त्यावरून एक छोटी अंगठी सरकवली की तोच आवाज ऐकू यायचा. मंगळावर जाणाऱ्या प्रत्येकाला घरची आठवण म्हणून एकच डबी नेता येणार होती, मुठीत मावेल एवढी. कपडे आणि चष्मा सोडून बाकी सामान सरकारी.

गेले काही दिवस सगळे दोऱ्यात बोलत होते. बाबानं मागाची खटखट भरली होती आणि पिठलं कसं करायचं ते सांगितलं होतं, कारण आईचं पिठलं नेहमी गुठळ्यांचं व्हायचं. नानांनी वर्तमानपत्र वाचून दाखवता दाखवता झोप काढली होती, त्यामुळे दोऱ्यात बरंचसं घोरणं होतं. धोट्यानं ताप, खोकला आणि पोटदुखी यांवर सूचना दिल्या होत्या. आपापला भाग ओळखू यावा म्हणून प्रत्येकानं तो वेगळा रंगवला होता. बाबाचा जांभळा, नानांचा पांढरा, धोट्याचा हिरवा. रुंजीचा हळदीत बुडवलेला, पिवळा.

सुई घेऊन रुंजी गच्चीवर एकटी गेली होती, परत आली होती आणि "झालं" म्हणाली होती. कोणी ऐकून बघितलं नव्हतं.

"बसेल," रुंजी पुन्हा म्हणाली. "दे इकडं." तिनं धोट्याच्या हातातून दोरा घेतला आणि मूठ मूठ करत डबीत कोंबला. शेवटची मूठ अंगठ्यानं दाबली आणि टप्पकन झाकण लावलं. "हे बघ!"

धोट्याच्या कपाळावरचा दिवा दोनदा लुकलुकला. "अशक्य," तो म्हणाला. "म्हणजे, शक्य आहे असं दिसतंय."

संध्याकाळी बाबानं ती डबी उघडली. दोऱ्याचं एक टोक धरून ओढलं, तर अख्खा गोळा बाहेर आला. सुगरणीच्या घरट्यासारखा, फक्त दार कुठं आहे ते कळत नव्हतं. कापल्या गेलेल्या पतंगाचा दोरा भराभर ओढून गच्चीवर पायाशी टाकला की तो कसा होतो, हे येवल्यातल्या पोराला सांगावं लागत नाही. बाबा पुढं सरसावला. कोष्ट्याचा हात तो. त्यानं गोळा मांडीवर घेतला आणि दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत बसून एक एक पदर सोडवला. रुंजी शेजारी बसून सोडवलेला दोरा धरत होती.

"आता नीट करू," बाबा म्हणाला. "आपल्या पद्धतीनं."

आपल्या पद्धतीनं म्हणजे आसारीवर. आसारी म्हणजे बांबूच्या काड्यांची मोठी चकरी, मधोमध लांब दांडा. बाकीच्या गावांत पतंगाचा दोरा कशावरही गुंडाळतात, येवल्यात आसारीवर. बाबानं बोटभर उंचीची इवलीशी आसारी केली, डबीत बरोब्बर बसेल अशी. नव्या आसारीला पहिली गाठ घरातल्या सगळ्यात लहानानं बांधायची, हा दिवट्यांचा रिवाज. म्हणून रुंजीनं आपल्या पिवळ्या भागाचं टोक दांड्याला बांधलं आणि बाबानं आसारी फिरवायला घेतली. पिवळा दोरा आत गेला, त्यावर हिरवा, त्यावर जांभळा, सगळ्यांवर पांढरा. एकही पदर दुसऱ्यावर चढला नाही. पिवळा दिसेनासा झाला तेव्हा रुंजीला बरं वाटलं. का, ते तिनं कोणाला सांगितलं नाही.

डबी बंद झाली. धोट्यानंसुद्धा टाळ्या वाजवल्या.

"बघू," आई म्हणाली. ती दिवसभराचं प्रशिक्षण संपवून नुकतीच आली होती. "मला मागाची खटखट ऐकायचीय."

खटखट होती जांभळ्यात. जांभळा होता पांढऱ्याच्या खाली. मग धोट्या पांढऱ्याचं टोक धरून निघाला. स्वयंपाकघरातून, जिन्यावरून, गच्चीला दोन चकरा मारून, पुन्हा खाली, न्हाणीघराला वळसा घालून. अर्धं घर दोऱ्यानं विणून झालं तेव्हा कुठं जांभळा दिसला. आईनं अंगठी सरकवली. खट्‌ खट्‌ खट्‌. आईचा चेहरा एकदम मऊ झाला, आणि मग तिनं न्हाणीघराकडं बघितलं.

"अहो, तिकडं माझी खोली एवढी असणार आहे." तिनं न्हाणीघराच्या दाराकडं बोट दाखवलं. "यात मी नानांचं घोरणं कुठं पसरू?"

बाबाचा चेहरा पडला. इतका चांगला गुंडाळलेला दोरा, आणि निरुपयोगी!

आतापर्यंत आरामखुर्चीत बसलेल्या नानांना मात्र हसू आलं. नाना हे आईचे वडील. सगळं आयुष्य पुण्याच्या एका प्रयोगशाळेत पेशींचा (ज्या बारीक बारीक घटकांनी आपलं शरीर बनलेलं असतं ते) अभ्यास करण्यात गेलं होतं, आणि निवृत्त झाल्यावर लेकीकडं राहायला आले होते.

"हसताय काय, नाना?" आई म्हणाली.

"हसू नको तर काय करू? तुम्ही चौघं मिळून ज्याच्याशी झगडताय, ते माझ्या या करंगळीतली एकेक पेशी न बोलता करून बसलीय. रुंजे, इकडं ये. येताना हलवा आण. आईला निघण्याआधी घालायच्या हलव्याच्या दागिन्यांसाठी केलेला आहे ना, काटेरी, तो. आणि एक मोठा लाडू."

"लाडू कशाला?"

"लाडू मी खाईन. पण आधी दाखवीन."

रुंजी दोन्ही घेऊन आली. नानांनी लाडू तळहातावर ठेवला.

"पेशीच्या आत एक गोल खोली असते. तिला केंद्रक म्हणतात. त्या खोलीत एक दोरा असतो, डीएनए. शरीर कसं बनवायचं, कसं चालवायचं, ते सगळं त्या दोऱ्यावर लिहिलेलं. तुमच्या बोलक्या दोऱ्यासारखाच, फक्त आवाजाऐवजी चार रासायनिक अक्षरं, पुन्हा पुन्हा वेगवेगळ्या क्रमानं. एकच दोरा नाही खरं म्हणजे, माणसात त्याचे शेहेचाळीस तुकडे. सगळे टोकाला टोक जोडले तर लांबी किती होईल? सांग."

"बोटभर?"

"दोन मीटर. तुझ्या बाबाहून लांब. आणि खोली केवढी? डोळ्यांना दिसणारच नाही एवढी. म्हणून आपण ती फुगवू. समज, केंद्रक या लाडवाएवढं केलं आणि त्याच पटीत दोराही वाढवला. मग दोऱ्याची जाडी होईल रेशमाच्या कोशातून निघतो त्या एकेरी धाग्याएवढी. आणि लांबी होईल वीस किलोमीटर. इथून निघालो तर कोपरगावच्या वाटेवर निम्म्याच्या पुढं गेलो!"

रुंजीनं लाडवाकडं बघितलं. "एवढं सगळं यात? बसणारच नाही."

"असं मी पण म्हणालो होतो," धोट्या म्हणाला.

"आणि तू कोंबून दाखवलंस, आठवतं?" नाना रुंजीला म्हणाले. "बसतो गं. रेशीम इतकं बारीक असतं की वीस किलोमीटरनंसुद्धा लाडवातली थोडीशीच जागा भरते. म्हणजे अडचण जागेची नाहीच. मग कशाची?"

रुंजीला बाबाच्या मांडीवरचा गोळा आठवला. "गुंत्याची."

"एक. आणि दुसरी?"

ती घरभर पसरलेल्या दोऱ्याकडं बघत राहिली. "हवा तो भाग हाताला लागायला पाहिजे. सगळं न उसवता."

"शाब्बास. कोंबलं तर गुंता. आसारीवर घट्ट गुंडाळलं तर गुंता नाही, पण आतलं मिळत नाही. पेशीला दोन्ही परवडत नाही. तिला दिवसभर वाचायचं असतं, इथलं थोडं, तिथलं थोडं. मग ती काय करते? मोठी आसारी करतच नाही. लाखो, नव्हे कोट्यवधी छोट्या करते."

नानांनी शिवणाचा साधा दोरा घेतला. हलव्याच्या एका दाण्याभोवती त्याचे जवळजवळ दोन वेढे दिले, थोडा दोरा मोकळा सोडला, मग पुढच्या दाण्याभोवती दोन वेढे. पुन्हा थोडा मोकळा. हलव्याच्या काट्यांत दोरा छान धरला जात होता.

"हे दाणे म्हणजे हिस्टोन (ज्यांच्यावर डीएनए गुंडाळला जातो ती प्रथिनं). आठ प्रथिनं मिळून एक मणी होतो, आणि मण्यावर दोनाला थोडे कमी वेढे. मग पुढचा मणी. दिसायला अगदी माळ. फक्त माळेत दोरा मण्याच्या पोटातून जातो, इथं तो अंगावरून जातो. त्यामुळे कुठलाही एक मणी सैल केला की तेवढाच दोरा मोकळा. शेजारच्याला धक्का नाही."

"पण त्या मण्यांना काटे असतात का? दोरा धरायला?"

"चांगलं विचारलंस. काटे नाहीत. वृंदा, तुझी काचेची बांगडी दे. आणि जावईबापू, रेशमाचं एक कापड."

नानांनी बांगडी रेशमावर खसाखसा घासली आणि मग ती रेशमाच्या सुट्या धाग्याजवळ नेली. धागा आपोआप उठून बांगडीला चिकटला. रुंजीनं तोंडाचा चंबू केला.

"घासल्यावर काचेवर धन विद्युतभार येतो आणि रेशमावर ऋण. धन आणि ऋण एकमेकांना ओढतात. डीएनएवर मुळातच ऋण भार असतो, हिस्टोनवर धन. म्हणून तो त्यांना बिलगतो. डिंक नको, गाठ नको."

"मग सुटतो कसा?"

"मण्यांना बारीक शेपट्या असतात, बाहेर लोंबणाऱ्या. पेशी त्या शेपट्यांवर रासायनिक खुणा चिकटवते. काही खुणांनी मण्याची पकड सैल होते, तिथला दोरा वाचायला उघडा पडतो. काही खुणांनी उलट होतं. मणी एकमेकांजवळ सरकतात, आणि तो भाग गच्च मिटतो. मिटलेले भाग बहुतेक खोलीच्या भिंतीकडं सरकवलेले असतात, आपण पाहुणे आले की गाद्या भिंतीला लावतो तसे."

"आणि माळ लांबच लांब झाली तर? ती पण गुंतेल."

नानांनी बांगडी उचलली. माळेचा एक भाग दुमडून बांगडीतून ओवला आणि ओढत गेले. दोऱ्याचं वेटोळं मोठं मोठं होत गेलं. "अशी कडी पेशीतसुद्धा असते, प्रथिनांची. ती दोरा ओढून ओढून वेटोळी करते. प्रत्येक वेटोळं आपापल्या जागी. लांबच्या दोन गोष्टी जवळ आणायच्या असतील तरी हीच युक्ती. मण्यांची माळ, माळेची वेटोळी, काही उघडी, काही मिटलेली. पेशीला दोन पेशी व्हायचं असेल तेव्हा मात्र सगळं आणखी आवळून गाठोडी बांधते, म्हणजे वाटणी करताना दोरे तुटत नाहीत. त्या गाठोड्यांना गुणसूत्रं म्हणतात. वाटणी झाली की पुन्हा सोडवायचं. रोजचं आहे हे."

रुंजी हलव्याची माळ बोटांवर फिरवत होती. मुंग्या येतील म्हणून धोट्या तिच्याभोवती घिरट्या घालत होता.

"नाना, माझ्या डोळ्याच्या पेशीत पण हाच सगळा दोरा आहे? नखं कशी करायची ते पण?"

"हाच. पण डोळ्यात तो भाग मिटलेला. म्हणून तुझ्या डोळ्याला नखं येत नाहीत."

"मग नको असलेलं ती काढून का टाकत नाही?"

"बहुतेक पेशी काढून टाकत नाहीत. घडी घालून ठेवतात. पूर्वी आम्हाला वाटायचं, एकदा मिटलं की कायमचं मिटलं. पण तसं नाही निघालं. कातडीच्या पेशीला तिच्या जुन्या, बंद घड्या उघडायला लावणं माणसाला जमलंय. अजून नीट समजलेलं नाही हं सगळं. कुठली घडी कधी उघडावी, हे पेशी कसं ठरवते, ते तुम्ही लोक शोधाल. आजारी पेशीची चुकून मिटलेली घडी हळूच उघडायची आणि माणूस बरा करायचा, असं कोणीतरी करील. मी तोवर लाडू खातो."

आणि त्यांनी केंद्रक खाऊन टाकलं.

हलव्याच्या आत तीळ असतो आणि मंगळावर बी न्यायला बंदी, म्हणून बाबानं मोतीकामाचे बारीक काचमणी काढले. घासून आणलेला भार काही वेळानं उडून जातो, तेव्हा नाना म्हणाले की मण्यांना खाच पाडा, तेवढी लबाडी चालेल. आणि दोनऐवजी दहा वेढे द्या, पेशीला घाई नाही पण आपल्याला आहे. दुसऱ्या दिवशी सकाळी धोट्यानं कामाला सुरुवात केली. मणी, दहा वेढे, थोडा मोकळा दोरा, पुढचा मणी. तोंडानं चालूच होतं. "पाचशे मीटर. यंत्रमानव म्हणून जन्माला येऊ नये माणसानं." पण हात असे चालत होते की बाबासुद्धा माग थांबवून बघत बसला. एरवी धाग्याच्या बाबतीत बाबा कोणाचं कौतुक करत नाही.

उन्हं कलली तेव्हा माळ तयार झाली. रुंजीनं तिची वेटोळी केली आणि प्रत्येक वेटोळ्याच्या बुडाशी एक बारीक कडी अडकवली. आईचं सकाळीच बॅगेचं वजन करून झालं होतं. निघायला आता फार वेळ नव्हता. ती हात पुसत येऊन बसली.

"आता ठरवायचं," नाना म्हणाले, "काय उघडं ठेवायचं आणि काय मिटायचं. ज्याचं त्यानं सांगा."

"खटखट उघडी," आई लगेच म्हणाली. "रोज ऐकणार."

"पिठलं पण उघडं ठेव," बाबा म्हणाला. "नाहीतर रोज गुठळ्या करशील."

"तुमचं पिठलं काय मोठं गुळगुळीत असतं?"

"ताप, खोकला, पोटदुखी," धोट्या म्हणाला, "घट्ट मिटून. ज्या दिवशी गरज पडेल त्या दिवशी सापडावं, एरवी दिसूही नये."

"माझं घोरणं कुठंही टाका," नाना म्हणाले.

आईनं जांभळं वेटोळं चिमटीत धरलं, दोन मणी सैल केले, अंगठी सरकवली. खट्‌ खट्‌ खट्‌. बाकीचं एकही वेटोळं हललं नाही. "जमलं की!" ती ओरडली, पतंग कापल्यावर ओरडायची तशी. "गई बोला रे! तिकडं पहिला पतंग उडवीन ना, तेव्हा हेच लावीन. विरळ हवा आहे, मोठा पतंग लागेल, खाटेएवढा. पण उडवीन."

सगळे हसले. मग नानांनी पिवळं वेटोळं उचललं. "आणि रुंजाबाईंचं?"

"आत," रुंजी म्हणाली. "सगळ्यात आत. भिंतीला. घट्ट."

"अगं, तुझंच घट्ट?" आई म्हणाली. "तुझंच तर मला वर हवंय. बघू तरी काय बोललीस."

"नको ना, आई."

पण आईनं मणी सैल केले होते. अंगठी पिवळ्यावरून हळूहळू सरकली.

गच्चीवरचा वारा. लांब कुठंतरी कोणाच्या तरी सायकलची घंटी. कोणाचा तरी श्वास, आत घेतलेला आणि तिथंच धरून ठेवलेला. मग जिन्याकडून धोट्याचं पुटपुटणं, "पोरगी बोलत का नाही? इतकी बडबडी पोरगी." पुन्हा वारा. आणि दोरा संपला.



"दोरा ओला असेल तेव्हा," बाबा म्हणाला. "हळदीमुळं. होतं असं."

"सुईचा काहीतरी घोटाळा," नाना म्हणाले, आणि खिशातला चष्मा काढून पुसायला लागले. तो आधीच स्वच्छ होता.

"सुई उत्तम स्थितीत..." धोट्यानं सुरुवात केली. मग त्याच्या कपाळावरचा दिवा लुकलुकला आणि तो गप्प झाला. धोट्या स्वतःहून गप्प झालेला त्या घरानं पहिल्यांदा बघितला.

आई अंगठीकडं बघत होती. "अहो, ते पायमोजे..." ती म्हणाली.

रुंजीनं पिवळा दोरा आईच्या हातातून घेतला. तो अजून सैल होता, मण्यांपासून सुटलेला. घडी घालून ठेवलेलं कुठं जात नाही, ती विचार करत होती. ते तसंच आत असतं, सगळ्या घरात, प्रत्येकाच्या आत एकेक प्रत. बाबाच्यात आहे. नानांच्यात आहे. आईच्यात तर असणारच.

धोट्यानं सुई पुढं केली. रुंजीनं ती दोऱ्यावर टेकवली.

"आई," ती म्हणाली, "मला तू जायला नको आहेस. तू जा, वारा मोज, पतंग उडव, सगळं कर. पण मला तू जायला नको आहेस. आणि हे वरच ठेव, पटकन हाताला लागेल असं."